नटून बसलेली माणसं

प्रिय इरा,

पाडव्याच्या कार्यक्रमाहून परत येताना तू गाडीत विचारलंस, "आई, सांगलीला असताना तू कधी नऊवारी नेसली नाहीस. आजीपण नेसत नाही. मग इथे लीड्समध्ये तुम्ही सगळ्याजणी ती कुणाला दाखवायला घालता? तीही शिवलेली, चेनवाली?" बाबा पार्किंगचं काहीतरी बोलले आणि विषय तिथेच राहिला. तू ग्लासगोला गेलीस, पण प्रश्न माझ्याजवळ राहिला. मला लागला तो. खरा होता म्हणूनच लागला असेल.

आमच्या घरात नऊवारी फक्त माई नेसायची, माझी आजी, तुझी पणजी. धुऊन धुऊन मऊ पडलेली सुती लुगडी, कासोटा घट्ट. त्यातच ती हौदावर धुणं धुवायची, पाट्यावर चटणी वाटायची आणि एस.टी. सुटायला लागली तर धावत जाऊन पकडायची. तिच्या लेखी ते रोजचे कपडे होते. तुझी आजी सहावारीत शाळेत शिकवायला जायची. आणि मी पहिल्यांदा नऊवारी नेसले ती गॅदरिंगच्या कोळीनृत्यात, ड्रेपरीवाल्याकडून भाड्याने आणलेली. तिला आधीच्या कुणाच्या तरी पावडरचा वास होता. म्हणजे माझ्यासाठीही तो वेषच होता, सांगलीत राहूनसुद्धा.

तशी सांगली नाटकवाल्यांचीच. १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी तिथे नाटक उभं केलं. आप्पा आजोबा बालगंधर्वांचं सांगायला लागले की थांबायचे नाहीत: स्टेजवर पुरुष साडी नेसून येतो आणि प्रेक्षकांतल्या बायका घरी जाऊन तशी साडी नेसायला बघतात. मी त्यांच्या मांडीवर अर्धवट झोपेत हे ऐकलेलं आहे.

पण तुला उत्तर द्यायला बसले तेव्हा मला आपल्या इथलाच एक माणूस आठवला. बार्नी कोलहन. कॅल्वर्लीचा, जिथे आपण कालव्याच्या काठाने चालायला जायचो. १९१४ चा जन्म. समोरच्या घरातल्या आजी त्याच्याविषयी बोलायच्या, तू लहान होतीस तेव्हा. त्यांच्यामुळेच मी त्याचे जुने कार्यक्रम बघायला लागले.

हा बीबीसीचा निर्माता, पण त्याची सगळी कारकीर्द लंडनपासून लांब, इथे उत्तरेत गेली. १९४६ साली, लढाई नुकतीच संपलेली, रेशनिंग चालू, तेव्हा रेडिओवर 'हॅव अ गो' नावाचा कार्यक्रम सुरू झाला. निवेदक विल्फ्रेड पिकल्स, आपल्या शेजारच्या हॅलिफॅक्सचा. लढाईच्या काळात त्याने बीबीसीच्या बातम्या यॉर्कशायरच्या हेलात वाचल्या होत्या आणि त्यावरून बरीच चर्चा झाली होती. 'हॅव अ गो' गावोगावी जायचा. गिरणीतली बाई, बसचा कंडक्टर, कुणाची तरी म्हातारी आजी, अशा माणसांना स्टेजवर बोलवायचं, त्यांच्या संसाराच्या गोष्टी विचारायच्या, चार सोपे प्रश्न घालायचे आणि थोडे पैसे द्यायचे. उत्तर आलं की पिकल्स ओरडायचा, "बार्नी, यांचे पैसे देऊन टाक!" तो बार्नी म्हणजे कोलहन. पडद्यामागचा निर्माता असा देशभर नावाने ओळखीचा झाला.

१९५१ च्या ऑक्टोबरात होम मॉसचा ट्रान्समीटर सुरू झाला आणि आपल्या भागात टीव्ही दिसायला लागला. कोलहन टीव्हीकडे वळला. 'टॉप टाउन'मध्ये त्याने एका गावाचे हौशी कलाकार दुसऱ्या गावाच्या कलाकारांसमोर उभे केले. पुढे १९६६ मध्ये 'इट्स अ नॉकआउट' आला, त्यातही गाव विरुद्ध गाव, फक्त गाण्याऐवजी पाण्यात धडपडणं. (मधल्या काळात, पन्नासच्या दशकाच्या शेवटी, आप्पांचे लाडके पु. ल. बीबीसीत टीव्ही शिकायला लंडनला आले होते. नंतर दिल्लीच्या दूरदर्शनच्या सुरुवातीच्या दिवसांत ते होते. आप्पांना हे किती आवडलं असतं सांगायला.)

मला सांगायचंय ते त्याच्या 'द गुड ओल्ड डेज' या टीव्ही कार्यक्रमाबद्दल. १९५३, राणीच्या राज्याभिषेकाचं वर्ष. लीड्सचं सिटी व्हरायटीज थिएटर १८६५ चं, अरुंद, लाकडी बाल्कन्यांचं, आणि त्या वेळी उतरती कळा लागलेलं. म्युझिक हॉल, म्हणजे गाणी, नकला, जादू, कसरती असा एका रात्रीत सगळं देणारा खेळ, सिनेमा आणि रेडिओने जवळजवळ संपवला होता. कोलहनने तो याच थिएटरात टीव्हीसाठी पुन्हा मांडला. कलाकार जुन्या वेषात असणार हे तर ओघानेच आलं. पण प्रेक्षकही तसेच यायचे. बायका पिसांच्या टोप्या घालून, पुरुष खोट्या मिशा लावून. कपडे ज्याचे त्याने शिवायचे, नाहीतर भाड्याने आणायचे. तिकिटांसाठी लांबलचक यादी असायची. मला वाटतं, त्याची खरी करामत इथे आहे. कॅमेरा कुठेही वळवा, काळ मोडत नाही. आणि घरी बसून बघणाऱ्याला स्टेजवरच्या नटाइतकाच बाल्कनीतला माणूस दिसतो. रेडिओवर त्याने जे केलं होतं तेच हे, साध्या माणसांना मधोमध आणून बसवणं.

स्टेजच्या बाजूला टेबलाशी हातोडा घेऊन बसणारा सूत्रधार होता लिओनार्ड सॅक्स. अवघड अवघड शब्दांच्या माळा लावून एकेका कलाकाराला बोलवायचा आणि प्रेक्षक प्रत्येक शब्दाला हुंकार भरायचे. इरा, हा माणूस दक्षिण आफ्रिकेत जन्मलेला, तरुणपणी इथे आलेला. इंग्रजांच्या जुन्या आठवणींचा यजमान बाहेरून आलेला होता! हे कळलं त्या दिवशी मला फार बरं वाटलं. का, ते तुला सांगायला नको.

कार्यक्रम १९८३ पर्यंत चालला, तीस वर्षं. समोरच्या आजी तरुण असताना एकदा गेल्या होत्या, स्वतः शिवलेला झगा घालून. त्यांनी मला सांगितलं की त्यांची आजी गिरणीत कामाला होती, लाकडी तळव्याचे बूट आणि खांद्यावर शाल. पिसांची टोपी तिच्या डोक्याला कधी लागली नाही, त्या टोप्या गिरणीमालकाच्या बायकोच्या. तरी नातीने टोपीच घातली. तेव्हा मला माई आठवली. आम्ही पाडव्याला पैठणी, मोत्यांची नथ, चंद्रकोर असं सगळं घालतो. माईकडे पैठणी नव्हतीच. तिने ती दुकानाच्या काचेतून बघितलेली. माझ्या अंगावर आहे ते तिच्या इच्छेतलं, तिच्या पेटीतलं नाही. हे खोटं आहे का? असेलही थोडं. पण आजींच्या टोपीला खोटं म्हणायला माझी जीभ वळत नाही.

माझ्याही मनात शंका आहेत, त्या तुझ्यापासून लपवत नाही. १९८३ च्या त्या प्रेक्षकांत बहुतेकांनी खरा म्युझिक हॉल पाहिलेलाच नसणार. न पाहिलेल्या गोष्टीची आठवण काढताना तिच्यातलं दुःख आपोआप गळून पडतं. त्या गाण्यांच्या काळात इथे लहान मुलं गिरणीत जात होती. माईच्या नऊवारीतही असं बरंच होतं. आजोबा गेल्यावर तिचं कुंकू गेलं, लुगड्यांचे रंग गेले, हळदीकुंकवाला ती स्वयंपाकघरातच थांबायची. मी नथ घालून फोटोला उभी राहते तेव्हा यातलं काहीच फोटोत येत नाही. ते मला तुझ्यावर घालायचंही नाही. म्हणून तू नेसावीस असं मी कधी म्हटलं नाही, आताही म्हणत नाही.

पण त्या हॉलमध्ये आम्ही एकमेकींच्या निऱ्या सारख्या करतो, कुणीतरी कुणाच्या अंबाड्यात गजरा खोचते, नुकतीच ओळख झालेली एखादी नवी मुलगी, आठवडाभर कुणाशी मराठीत न बोललेली, मोकळी हसते. तू विचारलंस कुणाला दाखवायला. एकमेकींना, गं.

कोलहन १९९१ मध्ये गेला. टीव्हीवरचा कार्यक्रम थांबल्यावरही सिटी व्हरायटीजमध्ये तो खेळ बरीच वर्षं होत राहिला आणि लोक नटून जात राहिले. जुने भाग सापडले तर बघ. स्टेजकडे नंतर बघ, आधी बाल्कनीकडे बघ, आणि काय वाटलं ते फोनवर सांग. माझं पटलं नाही तरी सांग.

गणपतीला यायचं असेल तर ट्रेनचं तिकीट लवकर काढ, नंतर फार महाग होतं. कपडे काय घालायचे ते तुझं तू ठरव.

तुझी,
आई