वाचकांचे प्रश्न : घरात मराठी, शेजारी कन्नड, मूल बोलणार कधी?

प्रश्न : आमचा मुलगा २२ महिन्यांचा आहे. घरात मराठी. नट्टीच्या (भातलावणीच्या) दिवसांत आम्ही शेतात असतो तेव्हा शेजारच्या अक्का त्याला सांभाळतात, त्या कन्नडच बोलतात. मोबाइलवर इंग्रजी गाणी बघतो. बोलतो वीसेक शब्द, त्यातही दूध हवं तर 'हालु' आणि नको तर 'बेडा'. सासूबाई म्हणतात, तीन भाषांनी पोर गोंधळलंय, अक्कांकडे पाठवू नको. काय करावं?
– एक आई, खानापूर तालुका

उत्तर : अक्कांकडे पाठवणं मुळीच बंद करू नका. दोन भाषांमुळे मूल उशिरा बोलतं हा समज आपल्या सीमाभागात घट्ट बसलाय आणि तो चुकीचा आहे. घरात दोन भाषा असल्या तरी पहिला शब्द वर्षाच्या आसपासच येतो आणि दोन शब्दांची जोडणी दोन वर्षांच्या आसपासच होते. घोटाळा होतो तो मोजण्यात. नुसते मराठी शब्द मोजले तर ते कमीच भरणार.

आठवडाभर एका वहीत त्याचे सगळे शब्द लिहून काढा. मराठी, कन्नड, 'भू भू', 'मम्म' सगळे. उच्चार अर्धामुर्धा असला तरी चालेल. त्याच वस्तूसाठी तोच आवाज पुन्हा पुन्हा आला की तो शब्द धरायचा. 'दूध' आणि 'हालु' दोन्ही म्हणत असेल तर ते दोन शब्द. अक्कांनाही विचारा, कारण त्यांच्या सोप्यात तो काय बोलतो ते तुमच्या कानावर येत नाही. दोन वर्षं पूर्ण होताना बेरीज पन्नासच्या आत राहिली किंवा 'बाबा ये', 'नीरु बेकु' (पाणी हवं) अशी जोडणी सुरू झाली नसली तर तपासणी करून घ्यायची. 'अजून हालु' अशी सरमिसळ असली तर तीही जोडणीच. त्याला जो शब्द आधी आठवतो तो तो वापरतो, यात गोंधळ नाही. कुणाशी कुठली भाषा बोलायची हे मुलं दोन-अडीच वर्षांत आपोआप ओळखायला लागतात.

तपासणीत पहिले कान. सर्दी वारंवार होत असेल तर कानाच्या पडद्यामागे पाणी साचतं. मग मोठे आवाज ऐकू येतात, पण स, श, फ असे हलके आवाज निसटतात. म्हणून 'ताट पडलं की वळून बघतो' एवढ्यावर निर्धास्त राहू नका. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचं पथक अंगणवाडीत तपासणीला येतं. ते कधी येणार ते सेविकेला विचारा आणि तुमची शंका आधीच सांगून ठेवा. गरज पडली तर तिथून जिल्हा रुग्णालयाकडे पाठवतात. बोट दाखवत नाही, नावानं हाक मारली तरी बघत नाही, दीड वर्ष उलटलं तरी एकही शब्द नाही, किंवा येत असलेले शब्द गेले, यांतलं काही असेल तर मात्र पथकाची किंवा दोन वर्षं पूर्ण होण्याची वाट बघू नका.

आमचा खरा आक्षेप मोबाइलवर आहे. २००३ साली अमेरिकेत भाषा-संशोधक पॅट्रिशिया कूल यांनी नऊ महिन्यांच्या बाळांना चिनी भाषा ऐकवली. काही बाळांसमोर चिनी बोलणारं माणूस बसून खेळलं, काहींना तेच सगळं पडद्यावर दाखवलं. समोर माणूस होतं ती बाळं बारा बैठकांत चिनी आवाजांतला फरक ओळखू लागली. पडदा बघणाऱ्यांच्या पदरी काहीच पडलं नाही. पडदा बाळाकडे बघत नाही, त्याच्या 'अं'ला 'अं' म्हणत नाही, त्याचं बोट जिकडे वळलं तिकडे वळत नाही. हे सगळं अक्का करतात. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१९ च्या शिफारशीप्रमाणे एक वर्षाच्या मुलालाही पडदा नको, आणि दोन ते चार वर्षांत दिवसाला फार तर एक तास. तेव्हा तीनपैकी एक भाषा काढायचीच असेल तर मोबाइलची काढा.

वेगळा 'अभ्यास' काही लागत नाही. आंघोळीची वेळ घ्या. तांब्या भरून वर धरा, 'आता पाठीवर…' म्हणा आणि थांबा. मनात दहापर्यंत मोजा. मोठ्यांना हे थांबणं फार जड जातं, दुसऱ्या-तिसऱ्या आकड्याला आपण बोलून मोकळे होतो आणि त्याची पाळी जाते. तो तुमच्या डोळ्यांकडे बघेल, हात हलवेल, 'पा' म्हणेल. यातलं काहीही आलं की लगेच पाणी ओता आणि त्याचंच बोलणं एका शब्दानं वाढवून द्या : 'पाणी! गरम पाणी!' तो एक शब्द बोलला तर तुम्ही दोन, तो दोन बोलला तर तुम्ही तीन. हेच भाकरी थापताना, गोठ्यात, दिवे लावताना. त्याचं बोट जिकडे असेल त्याच वस्तूबद्दल बोला; तो बैलाकडे बघतोय आणि आपण 'चांदोबा बघ' म्हटलं तर तो शब्द वाया जातो.

तीन सवयी टाळा. 'हे काय? म्हण बघू!' अशी परीक्षा पाहुण्यांसमोर घेऊ नका, मुलं गप्प होतात. मागायच्या आधी सगळं हातात देऊ नका; डबा दिसेल पण हाताला लागणार नाही असा ठेवा. आणि मालिका चालू असताना त्याच्याशी बोलू नका. मागच्या गलक्यातून तुमचा आवाज वेगळा काढणं त्या वयात अवघड असतं.

प्रश्न : नात १४ महिन्यांची, आमच्याकडे असते. मुलगा-सून बेंगळुरूला नोकरीला. रोज व्हिडिओ कॉल होतो, संपला की ती रडते. पडदा नको म्हणता, मग हाही बंद करायचा का?
– एक आजोबा, निपाणी

उत्तर : हा कॉल चालू ठेवा, आजोबा. इथं पलीकडचं माणूस तिच्याकडे बघून उत्तर देतं, म्हणून हा पडदा वेगळा. मात्र तो नीट लावा. झोप आणि खाणं झाल्यावरच, दहा मिनिटं. फोन तिच्या डोळ्यांच्या उंचीला टेकवून ठेवा आणि आजींनी शेजारी बसावं. सूनबाईंनी प्रश्नांचा भडिमार करण्यापेक्षा पदराआड तोंड लपवून 'भोऽ' करावं, तिच्या हातातल्या वस्तूचं नाव घ्यावं. आवाज पोचायला वेळ लागतो, म्हणून प्रत्येक वाक्यानंतर थांबावं. शेवट रोज एकसारखा : 'टाटा', एक पापा आणि लगेच आजींबरोबर अंगणात.

रडण्याचं वाईट वाटून घेऊ नका. साधारण आठव्या महिन्यापासून दीड वर्षापर्यंत आपलं माणूस नजरेआड झालं की मुलं कासावीस होतात. आईवडिलांना ती ओळखते याची ही खूण आहे. ते सुटीला आले की ती कदाचित आजींच्या मागे लपेल. तेव्हा तिला हिसकून कुणाच्या कडेवर देऊ नका. सूनबाईंनी जमिनीवर बसून भातुकली मांडावी आणि ती आपणहून येईपर्यंत वाट बघावी. हे सूनबाईंना आधीच सांगून ठेवा, नाहीतर त्या माउलीच्या जिवाला फार लागतं.

प्रश्न : तीन वर्षांची मुलगी 'मी आलो', 'मी जेवलो' म्हणते. पुण्याच्या नणंदबाई म्हणतात, आत्ताच सुधारा.
– शहापूर, बेळगाव

उत्तर : सुधारण्यासारखं काही नाही. कोल्हापूर-बेळगाव पट्ट्यात अनेक बायका 'मी आलो, मी गेलो' असंच बोलतात. तुमच्या मुलीनं आई, आजी, आत्या यांचं ऐकून नियम अचूक उचलला आहे. 'ताई आली' हे ती बरोबर म्हणते ना, ते पाहा. तिथंही 'ताई आला' होत असेल तरी तीन वर्षांच्या मुलांत ते चालतं. मध्येच अडवू नका, आपल्या उत्तरात बरोबर रूप घाला : 'हो, ताई आली की!' 'मी आले' हे रूप ती पुस्तकांतून, शाळेतून उचलेल आणि दोन्ही वापरेल. बोलता बोलता रोज अडवलेलं मूल कमी बोलू लागतं, हे नणंदबाईंनाही प्रेमानं सांगा.

प्रश्न : एलकेजीच्या प्रवेशावेळी सांगितलं, घरी इंग्रजीच बोला. आमचं इंग्रजी बेताचं.
– टिळकवाडी, बेळगाव

उत्तर : तुम्ही न अडखळता, लांबलचक, रागालोभासकट ज्या भाषेत बोलता तीच घरात ठेवा. 'का', 'म्हणून', 'नाहीतर' यांचा वापर मराठीत पक्का झाला की मूल तो इंग्रजीत आणि कन्नडमध्येही नेतं. बेताच्या इंग्रजीत घरातलं बोलणं 'कम', 'सिट', 'ईट' एवढ्यावर येतं, आणि गप्पा संपतात.

प्रश्न : अडीच वर्षांचा मुलगा खेळणं मागितलं की चुलतभावाला चावतो.
– वडगाव, बेळगाव

उत्तर : या वयात मुलं शेजारी शेजारी खेळतात, मिळून खेळणं तीन-साडेतीनच्या पुढे जमू लागतं. 'वाटून घे' हे त्याला अजून कळत नाही. 'आता तुझी पाळी, मग दादाची' हे थोडं थोडं कळतं. चावायच्या आधी तो अंग ताठ करतो, ओठ आवळतो. तेवढ्यात मध्ये हात घाला आणि त्याच्या वतीनं बोला : 'माझं आहे, थांब.' हे वाक्य त्याच्या तोंडी बसेपर्यंत तुम्हीच म्हणायचं. चावलाच तर आधी ज्याला चावला त्याला जवळ घ्या, जखम साबणपाण्यानं धुवा, आणि याला एवढंच : 'चावायचं नाही, दुखतं.' लांब भाषण त्याच्या डोक्यावरून जातं. कळावं म्हणून उलट त्याला चावणं, हे काही घरांत चालतं, ते कृपा करून करू नका. एकाच प्रकारची दोन खेळणी ठेवा, आणि दुपारी भुकेच्या-झोपेच्या वेळी दोघांना एकत्र सोडू नका; बरेचसे चावे त्याच वेळचे असतात.