जीएसटीचा आदेश हाती पडला, आता हायकोर्ट की अपील?

प्रश्न : नाशिकच्या अंबड एमआयडीसीत माझा छोटा लेथ-मशीनचा कारखाना आहे. 2021-22 सालचे 6 लाख 40 हजारांचे आयटीसी (खरेदीवर दिलेल्या कराची वजावट) नाकारून, वर व्याज आणि 64 हजार दंड लावून राज्य जीएसटीच्या अधिकाऱ्यांनी 14 ऑक्टोबर 2025 ला आदेश पोर्टलवर टाकला. कारण एवढेच, की माल देणाऱ्याने कर भरला नाही. बिले, ई-वे बिले, बँकेतून दिलेले पैसे, सगळे माझ्याकडे आहे. नोटिशीला उत्तर देताना सीएंनी 'सुनावणी हवी का' पुढे 'नाही' टाकले; पुढे कुणी बोलावलेच नाही. सरळ हायकोर्टात रिट (आदेशाला थेट आव्हान देणारी याचिका) करावी का? एका मित्राला तिथे स्थगिती मिळाली.

उत्तर : मित्राच्या प्रकरणाचे कागद पाहिल्याशिवाय त्याच्या स्थगितीवर विसंबू नका. तुमच्यासाठी मी अपील सुचवतो.

राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली हायकोर्टाचे अधिकार अपिलाची सोय आहे म्हणून संपत नाहीत. पण कायद्याने दिलेला मार्ग आधी वापरा, हा न्यायालयांनी स्वतःला घालून घेतलेला नियम आहे. त्याला अपवाद आहेत. सर्वोच्च न्यायालयाने 1998 च्या व्हर्लपूल निकालात ते सांगितले : मूलभूत हक्कांचा प्रश्न, नैसर्गिक न्यायाचा भंग, अधिकारक्षेत्रच नसणे किंवा कायद्याच्याच वैधतेला आव्हान.

यातला दुसरा अपवाद तुम्हाला लागू पडू शकतो, हे मान्य. जीएसटी कायद्याच्या कलम 75(4) नुसार निर्णय विरोधात जाणार असेल तर सुनावणी द्यायलाच हवी, तुम्ही मागितली नसली तरी. त्यामुळे रिट अगदीच निराधार नाही. पण जिंकून मिळेल काय? बहुधा आदेश रद्द होईल आणि प्रकरण पुन्हा त्याच कार्यालयात फेरसुनावणीला जाईल. माल खरंच आला का, पैसे दिले का, हे हायकोर्ट सहसा तपासत बसत नाही. तुमचे खरे बळ तर त्याच कागदांत आहे.

अपिलात ते कागद तपासले जातात. शिवाय कलम 107(11) प्रमाणे अपील अधिकाऱ्याला प्रकरण खाली परत पाठवता येत नाही, निकाल त्यालाच द्यावा लागतो. सुनावणी न दिल्याचा मुद्दाही तिथे पहिल्या क्रमांकावर घ्या. त्यासाठी मुंबईही गाठावी लागणार नाही. (शेजारच्या धुळे-जळगावकरांना संभाजीनगर खंडपीठ आहे, नाशिक मात्र मुंबईच्या मुख्य पीठाकडे.)

पैशांचे म्हणाल, तर वादातल्या कराच्या 10 टक्के, म्हणजे 64 हजार, आधी भरावे लागतात. व्याज-दंडावर काही नाही. ते भरले की उरलेल्या रकमेची वसुली कलम 107(7) ने आपोआप थांबते, स्थगितीसाठी वेगळा अर्ज लागत नाही. आयटीसीच्या खात्यात शिल्लक असेल तर त्यातूनही भरता येतात. मुंबई हायकोर्टाने 2022 मध्ये ओअॅसिस रियल्टी प्रकरणात ते मान्य केले आहे.

खरी काळजी मुदतीची. आदेश मिळाल्यापासून तीन महिने, म्हणजे 14 जानेवारी 2026. सबळ कारण दिले तर आणखी एक महिना, त्यापुढे अपील अधिकाऱ्याचेही हात बांधलेले. 'पोर्टल उशिरा पाहिले' या सबबीवर विसंबू नका. कलम 169 मध्ये पोर्टलवर टाकणे हीसुद्धा बजावणीच धरली आहे. ही कमाल मुदत गेल्यावर हायकोर्टात धाव घेणाऱ्यांना सर्वोच्च न्यायालयाने 2020 च्या ग्लॅक्सो स्मिथक्लाइन निकालात दार उघडले नाही. ते प्रकरण आंध्रच्या व्हॅट कायद्याखालचे होते, पण जीएसटीतही सरकारी वकील तोच निकाल पुढे करतात. रिटमध्ये गेलेले दिवस मुदतीतून वगळून मागता येतात, मात्र ते मिळतीलच असे धरून चालू नका.

तेव्हा सीएंकडून आदेश, नोटीस आणि तुमच्या उत्तराची प्रत याच आठवड्यात मागवा. वाहतुकीच्या पावत्या आणि बँकेचा उतारा बिलांच्या क्रमाने लावा, आणि एपीएल-01 हा अपिलाचा फॉर्म शेवटच्या दिवसावर ढकलू नका. त्या दिवशी पोर्टल चालेल याची हमी मी देणार नाही.