रनिंग बॅक खेळलेल्याला कोचिंगमध्ये वर जाता येतं का?

प्रश्न: मुलगा न्यू जर्सीत हायस्कूलच्या अमेरिकन फुटबॉल संघात रनिंग बॅक (बॉल घेऊन पळणारा) खेळतो, पुढे कोच व्हायचं म्हणतो. इथले लोक सांगतात की रनिंग बॅकला डावपेच कळत नाहीत, क्वार्टरबॅक (पास फेकणारा, चाल चालवणारा) खेळलेलेच वर जातात. खरं आहे का?

उत्तर:

अर्धं खरं आहे, आणि जे खरं आहे ते चीड आणणारं आहे. ‘रनिंग बॅकला काय अक्कल लागते, बॉल हातात दिला की पळायचं’ या वाक्यावरून मी आजवर इतक्या जणांशी भांडलोय की तुमचा प्रश्न वाचून गप्प बसवेना. तर आधी एरिक बिएनेमी, रनिंग बॅक खेळून कोच झालेला. मुलाचं नंतर बघू.

३ नोव्हेंबर १९९०, लिंकन, नेब्रास्का. थंडी, पाऊस, ओला बॉल. कॉलेजचा सामना, यजमान नेब्रास्का विद्यापीठ त्या मोसमात तोवर अजिंक्य. समोर कोलोरॅडो, आणि त्यांचा रनिंग बॅक बिएनेमी. बुटका, गोळीबंद अंगाचा, हाइझमन ट्रॉफीसाठी (कॉलेजच्या सर्वोत्तम खेळाडूचा मान) नाव चर्चेत असलेला. त्या दिवशी त्याच्या हातून बॉल पाच वेळा सुटला. पाच! त्यातले तीन नेब्रास्काने पळवले. तीन क्वार्टर संपले तेव्हा फळ्यावर ०-१२. दुसरा कुठलाही कोच असता तर पोराला बाकावर बसवून वर टॉवेल टाकला असता. कोलोरॅडोचा कोच बिल मॅकार्टनी बॉल त्याच्याच हातात देत राहिला. चौथ्या क्वार्टरमध्ये बिएनेमीने चार टचडाउन केले (बॉल समोरच्यांच्या टोकाच्या पट्ट्यात, एंड झोनमध्ये, नेला) आणि कोलोरॅडोने सामना २७-१२ ने काढला. त्या मोसमात त्याने १,६२८ यार्ड काढले, हाइझमनच्या मतदानात तिसरा आला, आणि कोलोरॅडो जॉर्जिया टेकबरोबर विभागून राष्ट्रीय विजेता ठरलं.

या एका दुपारीत त्याच्या पुढच्या कोचिंगचं सगळं बीज आहे असं माझं मत आहे. फंबल (बॉल हातून सुटणं) कसा होतो हे ज्याने पाच वेळा स्वतःच्या हातांनी शोधलं, त्याच्याकडून शिकावं.

फंबल नशिबाने होत नाही. बॉल अकरा इंच लांब, वजन साधारण ४०० ते ४२५ ग्रॅम, दोन्ही टोकं निमुळती. तो पाच ठिकाणी दाबून धरायचा असतो: पुढच्या टोकावर बोटं, तळहात, पुढचा हात, दंड आणि बरगड्या. पाचांपैकी एक जागा सुटली की बॉल नुसता हातात असतो, ताब्यात नसतो. बहुतेकांची पाचवी जागा सुटते. पोरगं दिशा बदलायला पाय रोवतं, तोल सावरायला हात आपोआप बाहेर जातो, कोपर बरगडीपासून चार बोटं उघडतं आणि मागून येणाऱ्याला बॉलचं मागचं टोक दिसतं. शिकागोचा बचावपटू चार्ल्स टिलमन कारकीर्दभर नेमक्या त्याच जागी ठोसा घालत राहिला. ४४ फंबल करवले त्याने. उपाय सांगायला सोपा आहे: मनगट कोपराच्या वर, बॉल छातीला चिकटलेला. पण ही पकड धरून पळताना वेग किंचित पडतो, आणि वेगावरच मोठ्या झालेल्या पोराला तेच नको असतं.

बिएनेमीची एनएफएल (अमेरिकेची व्यावसायिक लीग) कारकीर्द साधारणच झाली. १९९१ मध्ये सॅन डिएगो चार्जर्सने ड्राफ्टच्या (नव्या खेळाडूंच्या निवडीच्या) दुसऱ्या फेरीत घेतला, मग सिनसिनाटी, शेवटी १९९९ मध्ये फिलाडेल्फिया. नऊ मोसमांची बेरीज १,६०० यार्डांच्या आसपास, म्हणजे कॉलेजच्या एका मोसमाएवढी. पण शेवटच्या वर्षाचा त्याचा कोच होता अँडी रीड. तो धागा पुढे कामी आला.

कोचिंगची सुरुवात डेन्व्हरच्या एका हायस्कूलमधून. २००१ मध्ये कोलोरॅडोत रनिंग बॅक कोच. त्याच मोसमात नेब्रास्काचा ६२-३६ असा धुव्वा उडाला, आणि क्रिस ब्राउनने एकट्याने सहा टचडाउन केले. मग यूसीएलए हे लॉस एंजेलिसचं विद्यापीठ, आणि २००६ पासून एनएफएलमधला मिनेसोटा. तिथे पुढच्या वर्षी रनिंग बॅक एड्रियन पीटरसन आला आणि पदार्पणाच्याच मोसमात एका सामन्यात २९६ यार्ड धावला. तो विक्रम अजून कुणी मोडलेला नाही, आणि समोर होते बिएनेमीचे जुने चार्जर्स.

पण पीटरसनला बिएनेमीच्याच आजाराची बाधा होती. २००८ मध्ये नऊ फंबल, २००९ मध्ये सात. ताकद प्रचंड, त्यामुळे पकडीतून सुटायला हात झोकायचा, आणि हाताबरोबर बॉलही. २०१० मध्ये पूर्ण मोसमात एक. सात वरून एक! याचं सगळं श्रेय कोचला द्यायचं नाही, मेहनत पीटरसनची. पण न्यूयॉर्क जायंट्समध्ये रनिंग बॅक टिकी बार्बरचंही असंच झालं होतं: २००३ मध्ये नऊ, २००५ मध्ये एक. तिथे पकड बदलून घेणारा जेराल्ड इंग्रॅम, स्वतः मिशिगनचा फुलबॅक, म्हणजे तोही बॉल घेऊन पळणारा. ज्याने बॉल घेऊन मार खाल्लाय तोच हे शिकवू शकतो असं मी म्हणत नाही, पण पोरं त्याचं ऐकतात.

आणखी एक. ७ सप्टेंबर २०१७, कॅन्सस सिटी चीफ्स न्यू इंग्लंडच्या मैदानावर. करीम हंट, नवखा, एनएफएलमधली पहिलीवहिली धाव, आणि बॉल सुटला. रीड हेड कोच, बिएनेमी रनिंग बॅक कोच. पोराला परत बोलावलं, परत बॉल दिला. दिवसअखेर धाव आणि कॅच मिळून २४६ यार्ड, तीन टचडाउन, चीफ्स ४२-२७. मोसम संपला तेव्हा लीगमध्ये सर्वाधिक यार्ड धावलेला खेळाडू हंटच होता. मॅकार्टनीचं देणं असं फिटलं. दोन वर्षांपूर्वी मात्र हेच गणित फसलं होतं. डेन्व्हरविरुद्ध २४-२४ बरोबरी, अर्ध्या मिनिटाच्या आतबाहेर वेळ उरलेला, जमाल चार्ल्सच्या हातून बॉल सुटला, ब्रॅडली रोबीने उचलून एंड झोन गाठला, ३१-२४. कोच तोच, शिकवण तीच. तेव्हा हमी कुणी देऊ नये.

आता अकलेचा मुद्दा. रनिंग बॅकचं खरं डोकं बॉल हातात नसताना लागतं, पास प्रोटेक्शनमध्ये, म्हणजे पास फेकणाऱ्या क्वार्टरबॅकला वाचवताना. सेंटर (लाइनच्या मधला, बॉल मागे देणारा) समोरचा ‘माइक’ म्हणजे मधला लाइनबॅकर (लाइनमागचा बचावपटू) ठरवतो, त्यावरून पाच लाइनमन (क्वार्टरबॅकपुढची भिंत) कुठल्या बाजूला सरकणार ते ठरतं, आणि समोरचा जो उरतो तो रनिंग बॅकच्या वाट्याला. पुष्कळदा दोघे उरतात. नियम आतून बाहेर: आतला आला तर त्याला अडव, नाही आला तर नजर बाहेरच्यावर, कुणीच नाही आलं तर तू पास घ्यायला बाहेर. दोघेही आले तर आतलाच घ्यायचा, कारण क्वार्टरबॅककडे जायचा त्याचा रस्ता जवळचा. बाहेरचा मोकळा सुटतो, आणि क्वार्टरबॅकने त्याआधी बॉल सोडायचा. हे सगळं दोन-अडीच सेकंदांत. चुका ठरलेल्या. लाइनबॅकर पुढे आल्याचं सोंग करतो आणि पोरगं तिकडे वळतं. किंवा डोकं खाली घालून धडक मारायला जातं, समोरचा बाजूला होतो, आणि हा तोंडावर पडतो. किंवा जागेवरच वाट बघतं. शंभर-सव्वाशे किलोचा माणूस पळत येऊन क्वार्टरबॅकच्या मांडीवर आदळतो ते मग. पुढे जाऊन रेषेजवळच गाठायचं असतं.

थोडक्यात, लाइनची हालचाल, लाइनबॅकरचा इरादा, स्वतःचा रूट (पास घ्यायला पळायचा मार्ग) आणि क्वार्टरबॅकची वेळ, चारही गोष्टी ज्याला एकदम वाचाव्या लागतात त्याला डावपेच कळत नाहीत म्हणे!

पण वर जाण्याचं म्हणाल तर बिएनेमीचीच कथा बघा. २०१८ ते २०२२ चीफ्सचा ऑफेन्सिव्ह कोऑर्डिनेटर, म्हणजे आक्रमणाचा प्रमुख कोच. या काळात दोन सुपर बोल (लीगचा अंतिम सामना) जिंकले. त्याच्याआधी रीडच्या हाताखाली याच खुर्चीवर बसलेले डग पीडरसन आणि मॅट नॅगी दोघेही हेड कोच झाले, एक फिलाडेल्फियाचा, एक शिकागोचा. दोघेही क्वार्टरबॅक. पीडरसन तर बहुतेक कारकीर्द राखीव, पण राखीव क्वार्टरबॅकही मीटिंगमध्ये कोऑर्डिनेटरच्या शेजारी बसतो. बिएनेमीने डझनाहून जास्त मुलाखती दिल्या, २०२५ च्या मोसमापर्यंत एकही हेड कोचची खुर्ची मिळाली नाही. बिएनेमी कृष्णवर्णीय, आणि कृष्णवर्णीय किंवा इतर अल्पसंख्याक उमेदवाराची मुलाखत घेण्याचा रूनी नियम २००३ पासून आहे. मुलाखत घ्यायला लावतो, नेमायला लावत नाही. आपल्याकडे बॉलरला कॅप्टन करताना जशी नाकं मुरडली जायची, तसंच हे.

दुसरी बाजूही सांगायला हवी. चीफ्सचे प्ले (मैदानावरच्या चाली) मुख्यतः रीडच पुकारायचा. नॅगीला २०१७ च्या अखेरीस पुकारायला मिळाले, आणि मालक लोक तेच विचारतात. बिएनेमीची तरुणपणातली काही पोलीस प्रकरणंही आड आली असं म्हणतात. शिवाय २०२३ मध्ये वॉशिंग्टनने त्याला प्ले पुकारायची पूर्ण मुभा दिली तर काय झालं? क्वार्टरबॅक सॅम हॉवेलने ६१२ पास फेकले, लीगमध्ये सर्वाधिक. ६५ वेळा सॅक झाला (पास फेकायच्या आत पाडला गेला), तेही सर्वाधिक. संघ ४-१३, म्हणजे चार जिंकले, तेरा हरले. रनिंग बॅक खेळलेल्या माणसाने धावायचंच सोडून दिलं! याचा बचाव मला करता येत नाही. त्यानंतर एक वर्ष यूसीएलए, आणि २०२५ मध्ये शिकागोत पुन्हा रनिंग बॅक कोच.

रनिंग बॅक हेड कोच झालेच नाहीत असंही नाही. अँथनी लिन, कुठल्याच संघाने ड्राफ्टमध्ये न घेतलेला, डेन्व्हरकडून मुख्यतः स्पेशल टीम्समध्ये (किकच्या वेळी उतरणाऱ्या तुकड्यांत) खेळून दोन सुपर बोल जिंकलेला, २०१७ ते २०२० चार्जर्सचा हेड कोच होता. २०१८ मध्ये १२-४. डॅन रीव्हज डॅलसचा रनिंग बॅक. हेड कोच म्हणून चार सुपर बोल गाठले, चारही हरला, पण चार गाठणारे किती आहेत? (कॉलेजात तो क्वार्टरबॅक होता हे मला माहीत आहे. कमेंटमध्ये सांगू नका.)

तर तुमच्या मुलाचं. अडथळा अकलेचा नाही, कुठल्या खोलीत बसतो त्याचा आहे. रनिंग बॅकची मीटिंग वेगळी, क्वार्टरबॅकची वेगळी, आणि नोकऱ्या क्वार्टरबॅकच्या खोलीतून निघतात. त्याने कोचला आत्ताच विचारावं, आठवड्यातून एकदा क्वार्टरबॅकच्या फिल्म मीटिंगला मागे बसू द्याल का. वहीत प्रत्येक प्ले अकराही जणांच्या कामासकट काढावा, फक्त स्वतःचा बाण नव्हे. आपल्या संघाची प्रोटेक्शन्स नावानिशी पाठ हवीत, आणि ‘इथे कोण मोकळा सुटतो’ याचं उत्तर प्रत्येकाला देता यायला हवं. पदवी सोडू नये. कॉलेजात ग्रॅज्युएट असिस्टंट म्हणून शिरकाव होतो, तिथे पदवी लागतेच. बिएनेमीनेही खेळून झाल्यावर कोलोरॅडोत परत जाऊन ती पुरी केली.

आणि घरच्या अंगणात एक करून बघा. बॉल बादलीत बुडवून काढा. वीस हँडऑफ (बॉल हातात देणं) उजवीकडून, वीस डावीकडून. देणाऱ्याच्या बाजूचा कोपर वर, खालच्या हाताचा तळवा वर, नजर बॉलवर नाही तर समोर. घेतल्यावर पाच पावलं पळून दिशा बदलायची, आणि त्याच क्षणी तुम्ही मागून बॉलवर ठोसा घाला, दया न दाखवता. डाव्या हातात किती सुटले ते वेगळं मोजा. उजव्या हाताने खेळणाऱ्या पोरांचे बहुतेक तिथेच सुटतात, आणि मैदानाच्या डाव्या कडेने पळताना बॉल डाव्याच हातात हवा असतो.