वाचकांचे प्रश्न: घुसखोर वास्तवांना आवर कसा घालायचा?

प्रश्न: माझ्या कादंबरीत पणजीतले 'कालखाते' हे सरकारी खाते सगळ्यांचा काळ चालवते. मध्येच पर्यायी वास्तवे घुसून गोंधळ घालतात. खर्डा वाचणारे म्हणतात, 'इथे काहीही घडू शकते, मग काळजी कशाची करायची?' काय करू? – एक वाचक, फोंडा

उत्तर: वास्तव नेमके कुठे फुटले, ते आधी पक्के करा. आपल्याकडे फाटा तयारच आहे: १६ जानेवारी १९६७चा गोव्यातला जनमत कौल. महाराष्ट्रात विलीनीकरणाला 'फूल', केंद्रशासित राहायला 'दोन पाने' (ही चिन्हे म्हणजे लेखकाला आयती देणगीच!). पानांना ३४,०२१ मते जास्त पडली. तुम्ही फुलाला जिंकवा आणि परिणाम वर्षावार लिहून काढा. १९८०त गोव्याचे कदंब बस महामंडळ निघत नाही, १९८७त गोवा घटकराज्य होत नाही. मग म्हापशाच्या स्टँडवर कदंबच्या जागी महाराष्ट्राची लाल एसटी उभी असते आणि कंडक्टर नेहमीसारखा 'सुटे द्या' म्हणतो. त्याला काहीच वावगे वाटत नाही, दचकतो तो वाचक. असा एक तपशील दहा स्फोटांना भारी. १९६७ आधीचे मात्र काही बदलू नका, वाचक लगेच पकडतो.

खरी मेख किमतीत आहे. फुटलेल्या वास्तवाची शाखा बंद करायला कालखात्याला एक तास लागत असेल, तर तो कुणाच्या तरी आयुष्यातून वजा व्हायला हवा. कुणाच्या, ते पहिल्या दुरुस्तीतच दाखवा. दुरुस्ती फुकट झाली की तुमच्या वाचकांची तक्रार खरी ठरते.

एका प्रकरणात दोनच वास्तवे ठेवा. जुने वास्तव कुणाला आठवते, याची यादी वेगळ्या वहीत असू द्या.