चेलो सोडून थेट कंडक्टिंग? घाई नको

ताई, मुलगी दहावीत आहे, चेलो (मांडीत धरून वाजवायचं व्हायोलिनच्या घराण्यातलं मोठं वाद्य) बरा वाजवते, पण आता तिला कंडक्टरच, म्हणजे हातवाऱ्यांनी अख्खा वाद्यवृंद चालवणारी, व्हायचंय. तर वाद्य बंद करून परदेशातल्या कोर्सच्या मागे लागावं का, असं तुम्ही विचारलंय. माझं मत: चेलो अजिबात सोडू देऊ नका.

पुढे नामवंत कंडक्टर झालेले दोघे मुळात चेलोवालेच. इटलीचा तोस्कानिनी १८८६ मध्ये रिओ दि जानेरोला गेला तो ऑपेरा कंपनीचा चेलोवादक म्हणून. तिथे कंडक्टरवरून प्रेक्षकांनी गोंधळ घातला, ऐनवेळी या एकोणीस वर्षांच्या पोराला उभं केलं आणि त्यानं वर्दी या संगीतकाराचा 'आइदा' हा अख्खा ऑपेरा स्वरलिपी न बघता पार पाडला. पुढच्याच वर्षी वर्दीच्याच 'ओतेल्लो' या ऑपेराच्या पहिल्या प्रयोगाला गडी पुन्हा चेलोच्या रांगेत! ऑस्ट्रियाचा आर्नोनकूर तर व्हिएन्ना सिम्फनी या वाद्यवृंदात १९५२ ते १९६९ चेलो वाजवत होता.

हे नुसते योगायोग नाहीत. चेलोवाला कधी डबल बेससोबत (चेलोहून मोठं, खर्जातलं तंतुवाद्य) पाया धरतो, कधी मुख्य सूर उचलतो, त्यामुळे कान दोन्हीकडे तयार होतो. बेथोव्हनच्या पाचव्या सिम्फनीचा दुसरा भाग घ्या. सुरुवातीची धून व्हायोला (व्हायोलिनहून थोडं मोठं वाद्य) आणि चेलोकडे आहे, खाली डबल बेस बोटांनी तारा छेडतात. ऑडिशनला हाच तुकडा हमखास मागतात. दिसायला सोपा, पण त्यातल्या लांब-आखूड स्वरांचं प्रमाण जरा सैल पडलं की लय रेंगाळते. मुलीला आधी आपला भाग वाजवू द्या, मग पूर्ण स्कोअर (सगळ्या वाद्यांचे भाग एकत्र लिहिलेली स्वरलिपी) समोर ठेवून बेसचा भाग गायला लावा. पूर्ण स्कोअर नेटवर फुकट मिळतो.

पोटापाण्याचं खरं सांगायचं तर आपल्याकडे जागा फार थोड्या. मुंबईत नरिमन पॉइंटला असलेल्या एनसीपीए या कलाकेंद्रातला सिम्फनी ऑर्केस्ट्रा ऑफ इंडिया २००६ मध्ये सुरू झाला, पण त्यातही बरेच वादक बाहेरून येतात. सिनेमाच्या रेकॉर्डिंगमधलं तंतुवाद्यांचं काम कीबोर्ड आल्यापासून आटलं. म्हणजे शिकवण्या धरूनच हिशोब करा.

नरिमन पॉइंटला एनसीपीएत मैफल ऐकायला न्याच तिला, जाताना चेलो नसला तरी चालेल. वाद्य न्यायचंच असेल तर हार्ड केस हवी आणि ठाण्याहूनच सुटणारी, जागा मिळेल अशी स्लो लोकल पकडा. पावसाळ्यात तारा ताणायच्या खुंट्या फुगून अडकतात, तेव्हा जोर लावू नका, गुरूंना दाखवा.

आणि कंडक्टिंगची हौस आत्ताच भागवायची असेल, तर क्लासमधली चार-पाच मुलं जमवून छोटी रचना बसवू दे. वाजवणारे तिच्या हाताकडे बघतात की नाही, हे पहिल्याच तालमीत कळेल.