प्लास्टिकचा कागद राहू द्या

प्रश्न : ताई, दोन वर्षं अकोले तालुक्यातल्या डोंगरांत चित्रीकरण करतोय. कडे, धबधबे सुरेख येतात; माणसं मात्र एक तर अवघडतात, नाहीतर मुंगीएवढी दिसतात. काय चुकतंय?
— एक वाचक, संगमनेर

उत्तर : मुंगीएवढी दिसतात म्हणजे तुम्ही बहुधा वरून शूट करताय. माझा रतनवाडीतला पहिला पावसाळा असाच गेला. भाताची आवणी, म्हणजे रोपांची लावणी, चालू होती. मी उतारावर लांब लेन्स लावून बसले. खाचरात वाकलेल्या बायकांची रांग, मागे रतनगड. ते शाळेच्या भिंतीवर दाखवलं तेव्हा एका आजींनी विचारलं, यातली मी कुठली? मला सांगता आलं नाही. ती गोष्ट अजून मनाला लागून आहे.

तेव्हापासून मी चिखलात उतरते. कॅमेरा वाकलेल्या माणसाच्या डोळ्यांच्या उंचीला, म्हणजे जवळजवळ गुडघ्याशी. 35 मिलिमीटरची लेन्स पुरते. पावसात आभाळ पांढरंफटक असतं. ऑटोवर ठेवलं तर कॅमेरा आभाळ सांभाळतो आणि चेहरा काळा पडतो. एक्स्पोजर चेहऱ्यावर ठरवा. ढग जळले, गड धुक्यात गेला, तरी जाऊ द्या.

इरलं, म्हणजे पावसात डोक्या-पाठीवर घ्यायचं पानांचं आच्छादन, आता क्वचितच दिसतं. बहुतेकींच्या डोक्यावर प्लास्टिकचा कागद असतो. कृपा करून तो काढायला लावू नका. चित्र छान यावं म्हणून माळ्यावरचं जुनं इरलं उतरवून घ्यायला लावणं मला खोटेपणा वाटतो.

अवघडण्याचं म्हणाल, तर आवणीच्या दिवसांत कुणाला उसंत नसते. उपटलेलं रोप ताटकळत ठेवता येत नाही आणि आपण म्हणतो, ‘जरा पुन्हा करा.’ हे शब्द मी सोडून दिलेत. एप्रिल-मेमध्ये जा, राब भाजतात, म्हणजे रोपांसाठी जमीन भाजून ठेवतात तेव्हा. पहिल्या खेपेला कॅमेरा नेऊच नका. कोरा चहा घ्या, कुठलं खाचर कुणाचं, त्याला काय म्हणतात, ते विचारा. पावसात परत याल तेव्हा तुम्ही ओळखीचे असाल.

घरात शूट करताना दिवा लावू नका. कुडाच्या घरात दारातून निळसर उजेड येतो, चुलीचा नारिंगी असतो. व्हाइट बॅलन्स, म्हणजे कॅमेऱ्यातला रंगांचा तोल, 4000 केल्व्हिनच्या आसपास ठेवला की दोन्ही टिकतात. पावसातून आत गेल्यावर बॅग लगेच उघडू नका, गार लेन्सवर वाफ धरते.

एक राहिलंच. हा बराचसा भाग 1986 पासून कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्यात आहे. चित्रीकरणाची आणि ड्रोनची परवानगी वनखात्याकडून आधी घ्या. ज्यांचं घर त्यांची वेगळी.

दुसऱ्या पावसाळ्यातलं चित्रीकरण मी त्याच भिंतीवर दाखवलं. आजींनी स्वतःला लगेच ओळखलं. मग शेजारणीच्या खाचराकडे बोट करून म्हणाल्या, हिची आवणी दाट झालीय.