धुकं म्हणजे वाफच का? आणि पावसाळ्यात महाबळेश्वरला दिसतं ते धुकं की ढग?

धुकं म्हणजे वाफ नव्हे. पाण्याची वाफ डोळ्यांना दिसतच नाही. उकळत्या किटलीची तोटी नीट बघा. तिच्या तोंडाशी थोडी जागा मोकळी दिसते, खरी वाफ तिथे असते. पुढचा पांढरा लोट म्हणजे वाफ गार होऊन झालेले पाण्याचे थेंब. धुकं म्हणजे असेच थेंब, साधारण मिलिमीटरच्या पन्नासाव्या भागाएवढे. ते खाली पडतात, पण सेकंदाला जेमतेम एखादा सेंटीमीटर, म्हणून तरंगल्यासारखे दिसतात.

हवा जितकी गरम, तितकी जास्त वाफ तिच्यात मावते. ३० अंश सेल्सिअसला एक घनमीटर हवेत सुमारे ३० ग्रॅम, २० अंशांना १७ आणि १० अंशांना जेमतेम ९ ग्रॅम. रात्री हवा गार होत गेली की एका तापमानाला ती वाफेने पूर्ण भरते. तो दवबिंदू. त्याच्याही खाली पारा गेला की जास्तीच्या वाफेचं पाणी होतं. काही पानागवतावर दव म्हणून बसतं, काही हवेतल्या धूळ, धूर, मीठ यांच्या सूक्ष्म कणांवर जमतं. या कणांशिवाय धुकं होत नाही, हे स्कॉटलंडच्या जॉन एटकेन यांनी १८८० च्या सुमारास प्रयोगांतून दाखवलं. मला या सगळ्या विषयातला हा सर्वांत सुंदर भाग वाटतो.

नुसती थंडी मात्र पुरत नाही. आभाळ निरभ्र हवं, म्हणजे जमिनीची उष्णता निघून जाते. ढग असले तर ती अडते. जमिनीत ओल हवी. वारा अगदी मंद हवा. तो पूर्ण पडला तर बहुतेक दवावरच भागतं, जोराचा असला तर वरची कोरडी हवा खाली मिसळते. अवकाळी पाऊस होऊन रात्री आभाळ मोकळं झालं की हे सगळं एकत्र जुळतं. अशा संध्याकाळी द्राक्षवाले आणि कांदावाले शेतकरी उद्या धुई पडणार म्हणून धास्तावतात, ते अगदी बरोबर आहे. पानं तासन्‌तास ओली राहिली की करपा, केवडा असे रोग फोफावतात.

उजाडल्यावर धुकं वर उडून जातं असं वाटतं, पण खरं तर जमीन तापते आणि थेंबांची पुन्हा वाफ होते. दिसायचं एक किलोमीटरच्या आत आलं की हवामान खातं त्याला धुकं म्हणतं. त्यापलीकडचं दिसत असेल तर ते विरळ धुकं.

आता महाबळेश्वर. तिथला पावसाळ्यातला पांढरा पडदा म्हणजे ढगच. अरबी समुद्रावरून आलेली दमट हवा सह्याद्रीला धडकून वर चढते. वर दाब कमी, त्यामुळे ती पसरते आणि पसरताना गार होते, सुरुवातीला किलोमीटरला जवळपास १० अंशांनी. कोकणातून वर बघणाऱ्याला तो डोंगरावर टेकलेला ढग दिसतो, आत उभ्या असलेल्याला धुकं. दोघंही बरोबर. फक्त हे धुकं रात्रीच्या गारव्याने झालेलं नसतं, म्हणून ऊन वर येण्याची वाट बघून उपयोग नाही. समुद्रावरचा वारा वाहतो आहे तोवर ते भरदुपारीही राहतं.